मूकपटाच्या धर्तीवरच्या प्रेमकथेत उधळ्या नायकाला वळणावर कसं आणावं?

तुमची गोष्ट 1925 च्या मुंबईतली. पगार झाला की आठवड्यात खिसा रिकामा करणारा कारकून, त्याच्यावर जीव असलेली शेजारची मुलगी, संवाद नाहीत, फक्त पडद्यावर लिहून येणाऱ्या पाट्या. ती त्याला हात आखडता घ्यायला कसं शिकवेल, असं विचारलंय.

उपदेश नको. मूकपटात उपदेश म्हणजे पाटी, आणि पाटीने माणूस सुधारला हे प्रेक्षकाच्या गळी उतरत नाही. अमेरिकी दिग्दर्शक सेसिल डमिलचा मूकपट ‘द चीट’ (1915) बघा. नवरा खर्च आवर म्हणतो, बायको ऐकत नाही आणि रेड क्रॉसचे 10,000 डॉलर शेअर्समध्ये घालवून बसते. मग कर्ज, खांद्यावर तापल्या शिक्क्याचा डाग, गोळी, कोर्ट. प्रकाशयोजना आजही थक्क करते (कर्ज देणाऱ्या आशियाई व्यापाऱ्याला राक्षस केलंय, ते मात्र खटकतं). पण त्या बाईला अद्दल घडली, पैसा हाताळणं ती कुठे शिकली?

नायिकेच्या बांगड्या विकून नायकाचं देणंही फेडू नका. प्रेक्षक रडतील, पण तो पुढच्या महिन्यात पुन्हा व्याजाने पैसे देणाऱ्या पठाणाच्या दारात.

त्यापेक्षा कॅमेरा हातांवर ठेवा. पगाराच्या संध्याकाळी दोघं चटईवर रुपये मांडतायत : खोलीभाडं, वाणी, पठाणाचा हप्ता. उरलेले चार ती त्याच्या मुठीत कोंबते. हे मौजेचे, याचा हिशेब नाही. हे चार रुपये फार महत्त्वाचे! मौज साफ बंद केली तर तो चोरून करणार. पहिल्याच रात्री तो तीन उडवतो. चौथाही कसाबसा मोडत जातो, आणि तिला सिनेमाला न्यायच्या दिवशी हातात उरतात जेमतेम स्वस्तातल्या बाकाचे आणे. ती खुशाल बाकावर बसते, तो मात्र वरमून खुर्च्यांकडे बघत राहतो. पुढच्या महिन्यात तो खर्च करण्याआधी मूठ उघडून मोजतो. एवढं पुरे, पाटी नको.

आणि तिला कंजूष करू नका. दिग्दर्शक स्ट्रोहाइमच्या ‘ग्रीड’ (1924) या मूकपटातली ट्रिना लॉटरीत 5,000 डॉलर जिंकते आणि शेवटी नाणी अंथरुणात घेऊन झोपते. काटकसर त्या टोकाला गेली की प्रेमकथा संपलीच. म्हणून हप्ता चुकता झाला की तुमच्या नायिकेलाही एखादा गजरा घेऊ द्या, स्वतःच्या पैशांनी.