वय वाढलं, पण मोठं झाल्यासारखं वाटत नाही. हे असंच असतं का?

तुम्ही लिहिलंय की तुमचं वय २३ आहे, शिक्षण संपून नोकरीला वर्ष झालं, घरापासून लांब एकटे राहता. तरीही आपण मोठ्यांच्या जगात चुकून शिरलोय आणि कधीतरी कुणाच्या तरी ते लक्षात येईल, अशी धास्ती वाटत राहते. शेवटी तुम्ही विचारलंय, "बरोबरीच्या सगळ्यांना जमतंय, मग मलाच का जमत नाही?" त्या वाक्यापाशी मी थांबले, कारण तुमच्याच वयाची असताना मी जवळपास हेच वाक्य वहीत लिहिलं होतं. आज मी ४४ वर्षांची आहे.

आधी सरळ उत्तर देते. हो, असंच असतं, आणि त्यात तुमचं काही चुकत नाही. आधी मोठं झाल्यासारखं वाटू लागेल आणि मग मोठ्यांची कामं जमायला लागतील, असा आपला समज असतो. माझं उलट झालं. कामं आधी अंगावर पडली, ती वेडीवाकडी का होईना, केली, आणि मोठं झाल्यासारखं वाटायला त्यानंतर बरीच वर्षं लागली. तसं वाटेपर्यंत काही अडवून ठेवू नका, एवढंच माझं कळकळीचं सांगणं आहे.

तुम्ही एकटे नाही आहात, हे नुसतं धीर देण्यासाठी म्हणत नाही. जेफ्री आर्नेट या अमेरिकन मानसशास्त्रज्ञाने २००० साली एक लेख लिहून, साधारण १८ ते २५ हा आयुष्याचा वेगळा टप्पा मानावा असं सुचवलं. किशोरवय संपलंय, पण प्रौढपण पुरतं आलेलं नाही, असा टप्पा. आपण मोठे झालो असं वाटतं का, असं या वयाच्या मुलामुलींना विचारलं, तेव्हा पुष्कळांनी "काही बाबतीत हो, काही बाबतीत नाही" असं सांगितलं. मोठं होणं कशावरून ठरवायचं, याचं उत्तर देताना लग्न किंवा पदवीपेक्षा तीन गोष्टी पुन्हा पुन्हा पुढे आल्या: आपल्या वागण्याची जबाबदारी घेणं, आपले निर्णय आपण घेणं आणि पैशासाठी कुणावर अवलंबून नसणं. लग्नाला तारीख असते, पदवीला कागद असतो, पण या तीन गोष्टींना दोन्ही नाही. कायद्याने बहुतेक ठिकाणी १८ वर रेघ ओढलीय खरी, पण अनेक देशांत तीही पूर्वी २१ वर होती.

माझ्या मते खरी अडचण ही आहे की आता तपासणारं कुणी उरत नाही. वीसेक वर्षं आपल्याला दुसऱ्याने आखलेलं वेळापत्रक मिळतं. कुठल्या तासाला कुठे बसायचं, कुठवर वाचायचं, कधी परीक्षा, कधी सुट्टी, सगळं ठरलेलं. वर्षातून दोनदा कुणीतरी लाल शाईने सांगतं की बरं चाललंय की वाईट. मग एका जून महिन्यात ते सगळं थांबतं. त्यानंतर तुम्ही दिवसभर खपून काम केलंत किंवा लोळत पडलात, तरी संध्याकाळी दोन्ही दिवस सारखेच दिसतात. आपण पुढे चाललोय की नाही, हे सांगणारा आवाजच बंद होतो, आणि ती शांतता आपल्याला नापास झाल्यासारखी वाटते. तुम्हाला "जमत नाही" असं जे वाटतंय, त्यातला मोठा भाग या शांततेचा असावा.

एकटी राहायला लागल्यावर पहिल्याच पावसाळ्यात मला ताप आला. रात्रीचे दोन वाजले असतील. थर्मामीटर होता, जुना, काचेचा. लहानपणी आई तो झटकायची, माझ्या तोंडात ठेवायची, मग खिडकीशी नेऊन तिरका धरून वाचायची आणि काही न बोलता कपाळावर हात ठेवायची. तिच्या चेहऱ्यावरून मला कळायचं, किती आहे ते. त्या रात्री मीच तो झटकला, जिभेखाली धरला, घड्याळाकडे बघत बसले आणि मग दिव्याखाली फिरवत राहिले. पाऱ्याची रेघच दिसेना. नीट कोनात आल्यावर एकदम दिसली, १०२ च्या थोडी पुढे. आणि मला जाणवलं की हा आकडा आता कुणाला सांगायचाच नाहीये. पाणी कुठे आहे, गोळी कुठली, सकाळी कामावर कळवायचं कसं, डॉक्टरांकडे कधी जायचं, हे सगळं ज्याला ताप आहे त्यानेच ठरवायचंय. मी रडले. मग उठून पाणी प्यायले. त्या रात्री शहाणपण वगैरे काही आलं नाही, पण पुढच्या आजारपणात उशाशी पाण्याची बाटली आणि गोळ्या आधीच ठेवलेल्या होत्या.

मोठं होणं मला बहुतेक वेळा असंच भेटलंय, पुढच्या खेपेच्या तयारीतून.

चुकांचंही तसंच. पहिल्या नोकरीत महिन्याच्या अहवालात मी एका रकान्यातले आकडे दुसऱ्यात टाकले. अहवाल गेल्यावर लक्षात आलं. दोन दिवस मी कुणाला काही बोलले नाही. पोटात गोळा, झोप नाही, कुणी हाक मारली की छातीत धस्स व्हायचं. तिसऱ्या दिवशी वरिष्ठ बाईंकडे गेले. त्यांनी फक्त दोन प्रश्न विचारले: कधी पाठवलास, आणि कुणाकुणाला गेला? दुरुस्तीला अर्धा दिवस लागला असता. पण दोन दिवसांत ते आकडे आणखी तीन विभागांच्या कागदांत शिरले होते, म्हणून आठवडा गेला. तेव्हापासून मी त्याच दिवशी सांगते: माझ्याकडून अमुक ठिकाणी चूक झालीय, निस्तरायला एवढा वेळ लागेल. हे वाक्य पाठच करून ठेवा. पहिल्यांदा म्हणताना आवाज कापतो, नंतर कमी कापतो.

कागदपत्रं, बिलं, मुदती यांची भीती वाटते असंही तुम्ही लिहिलंय. त्यासाठी आठवड्यातला एक ठरावीक तास द्या, त्याच वारी, त्याच वेळी. एवढं पुरतं.

मैत्रीबद्दल मात्र जरा सविस्तर सांगायला हवं, कारण तुम्ही ते एका ओळीत उरकलंय आणि मला तीच ओळ सगळ्यात दुखरी वाटली. "नवीन ठिकाणी कुणाशी जमत नाही, माझाच स्वभाव वाईट असेल." कॅन्सस विद्यापीठातले संशोधक जेफ्री हॉल यांनी मैत्री जमायला किती तास लागतात याचा अभ्यास केला. तो २०१८ मध्ये प्रसिद्ध झाला. नुसत्या ओळखीतून साधी मैत्री व्हायला साधारण ५० तास आणि जिवलग मैत्री व्हायला २०० तासांहून जास्त एकत्र घालवावे लागतात, असा त्यांचा अंदाज निघाला. तोही नुसता शेजारी बसून काम करण्याचा वेळ नव्हे, गप्पा मारत, हसत-खेळत घालवलेला. शाळा-कॉलेजात हे तास आपोआप मिळायचे, रोज, न मागता. आता दोन आठवड्यांतून एकदा दोन तास भेटलात, तर ५० तासांनाच वर्ष होतं. स्वभावावर खापर फोडण्याआधी हा हिशेब मांडून बघा. आणि जो एक माणूस बरा वाटतो, त्याला पुन्हा भेटायचा दिवस आधीच ठरवून टाका. "भेटू कधीतरी" म्हणून सोडलं की ते कधीतरी येत नाही.

निर्णयांबद्दलही एक सांगते. पुढचा विचार करणारा, मनाला आवर घालणारा मेंदूचा कपाळामागचा भाग पंचविशीच्या आसपासपर्यंत पक्व होत राहतो. २५ व्या वाढदिवशी काही एकदम पालटत नाही, पण तुमच्या वयात घाई आणि भीती दोन्ही जोरात असतात, हे खरं आहे. २००५ साली मार्गो गार्डनर आणि लॉरेन्स स्टाइनबर्ग यांनी गाडी चालवण्याच्या एका खेळावर प्रयोग केला. किशोरवयीन आणि तरुण मुलं एकटी असण्यापेक्षा बरोबरीचे सोबत असताना जास्त धोका पत्करत होती. मोठ्या वयाच्या लोकांवर सोबतीचा तेवढा परिणाम दिसला नाही. म्हणून नोकरी सोडायची असेल, नातं तोडायचं असेल, तर मित्रांशी जरूर बोला, पण ठरवताना एकटे असा. एक रात्र मध्ये जाऊ द्या.

आणि अजून काही ठरलं नाही म्हणून स्वतःला मागे पडलेलं समजू नका. तरुणपणी "मी कोण" हा प्रश्न माणसाला कसा पोखरतो, यावर एरिक एरिक्सन या मानसशास्त्रज्ञांनी आयुष्यभर लिहिलं. त्यांना आपले जन्मदाते वडील कोण हे कधीच कळलं नाही. तरुणपणी चित्रं काढत ते युरोपभर भटकले आणि १९२७ मध्ये, पंचविशीच्या सुमाराला, व्हिएन्नातल्या एका छोट्या शाळेत शिकवायला लागले. तिथून त्यांना वाट सापडली. एरिक्सन हे आडनावही त्यांनी स्वतःच घेतलं, १९३९ मध्ये, अमेरिकेचं नागरिकत्व घेताना. त्यांची ती भटकंती वाया गेली असं मला कधीच वाटलं नाही.

तुम्ही विचारलंय की मला "मोठी झाले" असं कधी वाटलं. दिवस आठवतो. मी ३१ वर्षांची होते. बाबा विम्याचा एक अर्ज भरत बसले होते. आमच्या घरात सगळ्यांचे अर्ज तेच भरायचे, सुटी सुटी ठसठशीत अक्षरं काढून, आणि खाडाखोड झाली तर नवा अर्ज आणून. त्या दिवशी त्यांनी चष्मा कपाळावर सरकवला, कागद माझ्याकडे फिरवला आणि म्हणाले, "हा रकाना बघ गं. इथे काय लिहायचं?"

मला आधी वाटलं, माझी परीक्षा घेतायत. लहानपणी घ्यायचे तशी. पण ते खरंच विचारत होते, आणि पेन हातात धरून थांबले होते. मलाही तो रकाना कळला नाही. मी फोन लावला, बराच वेळ धरून ठेवला, दोनदा विचारून खात्री करून घेतली आणि त्यांना सांगितलं. त्यांनी मी सांगितलं तेच लिहिलं, एकेक अक्षर, एरवी उलटतपासणी घेतात तशी न घेता.

"नक्की ना?" एवढंच विचारलं.

"हो बाबा, नक्की."

रात्री ते झोपल्यावर मी फाइलमधून तो अर्ज हळूच काढला आणि तो रकाना पुन्हा एकदा वाचून बघितला.