करिश्मा, कृपादान आणि पन्नासावा दिवस

शाहूपुरीतल्या एका ताईंचा प्रश्न आहे. त्यांच्या वाचनालयाला कुणीतरी इंग्रजी पुस्तकांची पेटी भेट दिली. त्यात स्टॅन्ली बर्जेस आणि गॅरी मॅक्गी यांनी संपादलेला, १९८८ चा 'डिक्शनरी ऑफ पेंटेकॉस्टल अँड कॅरिस्मॅटिक मूव्हमेंट्स' हा जाडजूड ग्रंथ निघाला. ताईंनी यादीत लिहिलं : 'पेंटेकॉस्टल व करिश्माई चळवळींचा शब्दकोष'. हे चालेल का?

ताई, 'चळवळ' बरोबर आहे. 'करिश्माई' मात्र आधी खोडा. आपला 'करिश्मा' फारसीतून आला. तिथं त्याचा अर्थ नजरेचा इशारा, नखरा. पुढं उर्दू-हिंदीत चमत्कार झाला आणि आपल्याकडं तो निवडणुकीच्या बातम्यांत स्थिरावला. इंग्रजी 'कॅरिझ्मा' ग्रीकमधून आला, 'खारिस' म्हणजे कृपा या शब्दावरून. दोघांचं साम्य कानापुरतंच. पुढाऱ्याच्या वलयाला 'कॅरिझ्मा' म्हणायची चाल माक्स वेबर या समाजशास्त्रज्ञानं रूढ केली, आणि मग दोन्ही शब्द एकाच अर्थावर येऊन बसले. घोटाळा तिथला आहे.

मूळ ग्रीक शब्दाला मराठी बायबलनं फार पूर्वीच नेमका प्रतिशब्द दिलाय : कृपादान. पौलाच्या करिंथकरांस पहिल्या पत्राचा बारावा अध्याय काढा. रोग बरे करणं, संदेश देणं, अन्य भाषा बोलणं ही सगळी कृपादानं तिथं ओळीनं सापडतील. या दानांवर भर देणारे ख्रिस्ती ते पेंटेकॉस्टल. हाच अनुभव १९६० नंतर जुन्या चर्चमध्ये राहूनच घेणारे ते ढोबळमानानं कॅरिस्मॅटिक. 'कृपादानवादी' असा शब्द मी घडवून पाहिला, पण रविवारी चर्चमधून बाहेर पडणारं कुणी तो बोलेल असं वाटत नाही. 'कॅरिस्मॅटिक'च ठेवा.

'पेंटेकॉस्ट'ची गंमत उलटी आहे. दिसायला परका, पण तो आपल्या 'पन्नास'चा भाऊबंद! ग्रीक 'पेंटे' आणि संस्कृत 'पंच' एकाच मुळाचे. ग्रीक 'पेंटेकोंटा' आणि संस्कृत 'पञ्चाशत्' म्हणजे पन्नास, हेही सख्खे. 'पञ्चाशत्'चा प्राकृतातून 'पन्नास' झाला. पेंटेकॉस्ट म्हणजे पन्नासावा (दिवस). वल्हांडण (पासोव्हर) या सणानंतरच्या या यहुदी सणाला येशूच्या शिष्यांवर पवित्र आत्मा उतरला, अशी बायबलमधल्या 'प्रेषितांची कृत्ये' या पुस्तकातली कथा आहे. करिश्मा घरचा वाटतो नि परका निघतो, पेंटेकॉस्ट परका वाटतो नि भावकीतला निघतो. भाषेचा नाद लागतो तो अशानंच.

आता 'शब्दकोश'. डिक्शनरी म्हटलं की आपला हात या शब्दाकडं जातो, पण या ग्रंथात शब्दार्थ नाहीत, माणसं, घटना, पंथ यांवरचे लेख आहेत. २००२ च्या वाढवलेल्या आवृत्तीत तर आधी देशोदेशींचा आढावा, मग आकडेवारी आणि शेवटी हे लेख. महादेवशास्त्री जोश्यांच्या 'भारतीय संस्कृतिकोशा'ला कुणी शब्दकोश म्हणत नाही. तसंच हे. नुसतं 'कोश' पुरे.

विषयसूचीत 'पंडिता रमाबाई' ही नोंद जरूर घाला. केडगावच्या त्यांच्या मुक्ती मिशनमध्ये १९०५ साली मुलींमध्ये जे आध्यात्मिक पुनरुज्जीवन झालं, ते या चळवळीचा उगम मानल्या जाणाऱ्या, लॉस एंजेलिसच्या अझुसा स्ट्रीटवरच्या पुनरुज्जीवनाच्या एक वर्ष आधीचं. पेंटेकॉस्टल चळवळ अमेरिकेतूनच सगळीकडं गेली, या समजुतीला अभ्यासक याच दाखल्यानं हरकत घेतात. रमाबाईंनी पुढं हिब्रू-ग्रीकवरून बायबल मराठीत आणलं. तेव्हा हा ग्रंथ 'परदेशी धर्म' असल्या कप्प्यात टाकू नका.

थोडक्यात, नोंद अशी करा : 'पेंटेकॉस्टल आणि कॅरिस्मॅटिक चळवळींचा कोश'. आणि हो, तुमच्या चिठ्ठीवर 'कोष' आहे. तो राजकोषाचा. ग्रंथाला शहामृगाचा श.