काळ्या नखांच्या कुत्र्याची नखं घरी कापताना

तुमचा मोती गावठी, नखं काळी. म्हणजे आतली शीर बाहेरून दिसणार नाही. एका घावात काम उरकायला जाऊ नका. माणसांचा नेलकटर तर नकोच, त्यात गोल नख दबतं आणि चिरतं. कुत्र्यांसाठीची कात्री मिळते ती घ्या, धार चांगली हवी.

पाय बाजूला ओढू नका, आहे तिथेच पंजा हलका धरा. टोकाकडून एकेक मिलिमीटर काढत जा आणि दर वेळी कापलेला भाग उजेडात बघा. आधी तो कोरडा, पांढुरका दिसतो. मधोमध काळपट, ओलसर ठिपका उमटला की थांबायचं. पुढे शीर आहे.

जांभ्याच्या पाखाडीवर दिवसभर हुंदडणाऱ्या कुत्र्याची नखं बरीचशी आपोआप झिजतात, पण आतल्या बाजूचं अंगठ्याचं नख जमिनीला टेकतच नाही. ते गोल वळून मांसात घुसू शकतं, आणि लोक नेमकं तेच विसरतात. पावसाळ्यात कुत्रं पडवीत लोळत असतं, तेव्हा सगळीच तपासा.

रक्त आलंच तर चिमूटभर कॉर्नफ्लोअर लावून पाच मिनिटं दाबून धरा, मधेमधे उचलून बघू नका. त्या दिवशी पुळणीवर नेऊ नका. तरी थांबलं नाही तर सरळ डॉक्टर गाठा.

आणि चारही पंजे एकाच दिवशी झाले पाहिजेत असा कुठे कायदा आहे? आज दोन नखं, वर उकडलेल्या बांगड्याचा काटे काढलेला तुकडा. खारवलेली मासळी नको, मीठ फार असतं. बाकीची नखं उद्या.