अवमान, अपमान आणि 'अतिक्रमण आलं!'

प्रश्न असा आलाय की रस्त्यावरची अतिक्रमणं काढा असा कोर्टाचा आदेश असतो, ती निघत नाहीत, ट्रॅफिक तुंबतच राहतं, मग अधिकाऱ्यांवर 'अवमाना'ची कारवाई होते, तर यात कोर्टाचा अपमान नक्की कुठे झाला? कुणी शिवी तर दिली नाही, काम केलं नाही इतकंच. आणि कुणी अवमान लिहितं, कुणी अवमानना, कुणी बेअदबी, तर सोसायटीच्या पत्रात लिहायला बरोबर काय?

शंका रास्त आहे. संस्कृतात अवमान आणि अपमान दोन्ही जवळपास एकाच अर्थाचे, पण मराठीत त्यांच्या वाटा वेगळ्या झाल्यात. अपमान माणसाला 'वाटतो', 'मला फार अपमान वाटला' असं आपण सहज म्हणतो, पण 'मला अवमान वाटला' कुणी म्हणताना ऐकलंय का? अवमान वाटत नाही, तो होतो. राष्ट्रध्वजाचा होतो, कोर्टाचा होतो. म्हणजे न्यायाधीशसाहेबांना राग आला की नाही याच्याशी त्या शब्दाला देणंघेणं नाही.

1971 च्या न्यायालय अवमान कायद्यात याचे दोन प्रकार आहेत, दिवाणी आणि फौजदारी. कोर्टाची बदनामी करणं, न्यायाच्या कामात अडथळा आणणं हे फौजदारीत. तुम्ही म्हणताय तो दिवाणी, म्हणजे आदेश जाणूनबुजून न पाळणं, नुसता उशीर झाला किंवा खरंच जमलं नाही एवढ्यावर तो होत नाही. शिक्षा सहा महिन्यांपर्यंत साधी कैद किंवा 2000 रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही, आणि बऱ्याचदा मनापासून माफी मागितली की सुटतं. म्हणजे खरं तर याला साधं 'आज्ञाभंग' म्हटलं असतं तर तुमचा घोळच झाला नसता. हिंदीवाले ज्याला सविनय अवज्ञा म्हणतात त्याला आपण सविनय कायदेभंग म्हणतो, तिथे मराठीने बरोबर 'भंग' पकडला, कोर्टात मात्र मान मध्ये आणून ठेवला.

पण मला यातला खरा गमतीचा शब्द अतिक्रमणच वाटतो. क्रम् म्हणजे पाऊल टाकणं, अति म्हणजे पलीकडे, मर्यादा ओलांडली की अतिक्रमण, मग ती जमिनीची असो नाहीतर हुकमाची. संस्कृतात आज्ञातिक्रम असा शब्दच आहे. म्हणजे फुटपाथवर पत्रा ठोकणारा जागेचं अतिक्रमण करतो आणि तो पत्रा काढायचा आदेश फाइलीत दाबून ठेवणारा आज्ञेचं, शब्द एकच!

पुण्यात तर तो अजून पुढे गेलाय. आधी अतिक्रमण ही क्रिया होती, 'करायची' गोष्ट, आता ती 'काढायची' वस्तू झालीये, टपरी, ओटा, पुढे ओढलेलं शेड, सगळं म्हणजे एकेक अतिक्रमण. आणि तुळशीबागेबाहेर एकदा मी क्लिपांचा भाव करत होतो तेवढ्यात पलीकडून आवाज आला, 'अतिक्रमण आलं, अतिक्रमण!' बाईंनी चादरीची चार टोकं उचलली, गाठ मारली, बोचकं काखेत आणि गायब, माझे दहा रुपये हातातच. पालिकेची गाडी येत होती. म्हणजे कायद्याच्या भाषेत अतिक्रमण त्या बाई, आणि बाईंच्या भाषेत अतिक्रमण ती गाडी. (2014 च्या पथविक्रेता कायद्यानंतर पथारीवाला म्हणजे सरसकट अतिक्रमण असंही राहिलेलं नाही, परवाना असेल तर तो हक्काने बसतो. आणि पथारी म्हणजे मुळात अंथरूण, ते पसरून माल मांडायचा, म्हणून पथारीवाला.)

बेअदबी चुकीचा नाही, जुन्या पिढीच्या तोंडी 'कोर्टाची बेअदबी' सर्रास असायचं. बे म्हणजे विना, अदब म्हणजे शिष्टाचार, त्यामुळे आज तो कोर्टात मोबाइल वाजला तर जास्त शोभेल, अतिक्रमण काढलं नाही याला नाही. अवमानना हिंदी बातम्यांतून आपल्याकडे शिरलीये, मराठीत गरज नाही. अवहेलना भावनेचा शब्द, तो घरच्या भांडणाला ठेवा.

तुम्हाला सोसायटीच्या पत्रात लिहायचंय ना, तर विषयाच्या ओळीत 'अवमान याचिका' आणि खाली मजकुरात 'आदेशाचा हेतुपुरस्सर भंग' असं लिहा. आणि 'अतिक्रमन' नको, ण बाणातला.