चढावर चाक का घसरतं? – डिझेल इंजिनांविषयी वाचकांचे प्रश्न

प्रश्न : कुळे ते कॅसलरॉक घाट चढताना कोळशाच्या गाडीला एवढी इंजिनं कशाला? 4,000 अश्वशक्तीचं एक इंजिन सपाटीवर अख्खी गाडी नेतंच की. – एक वाचक, मडगाव

उत्तर : सपाटीवर अश्वशक्ती पुरते, घाटात हिशोब वजनाचा. इथला चढ 37 ला 1, म्हणजे 37 मीटर गेलं की 1 मीटर वर. भरलेल्या 58 वाघिणींची गाडी 4,700 टन धरा आणि 37 ने भागा. नुसत्या चढासाठी 127 टन ओढ झाली. इंजिनांचं स्वतःचं वजन, रुळाचं आणि वळणांचं घर्षण मिळवलं की आकडा दीडशेच्या आसपास जातो. डब्ल्यूडीजी-4 हे मालगाडीचं डिझेल इंजिन सुटताना फार तर 53 टन ओढतं, म्हणजे तीन इंजिनांत गणित कसंबसं बसतं, तेही रूळ कोरडे असतील तर. पावसाळ्यात दूधसागरपाशी ते कोरडे कधी असणार! त्यामुळे ओढ राखीव ठेवावीच लागते. सगळी इंजिनं पुढेच लावली तर पहिल्या वाघिणीच्या कपलरवर (जोडणीवर) सगळा ताण येतो आणि त्याची नकल, म्हणजे पकडणारा आकडा, तुटते. म्हणून काही इंजिनं मागून रेटतात. तेच बँकर.

प्रश्न : जुनी अल्को इंजिनं चढावर जास्त घसरायची. नव्या इंजिनांनाही सहाच आस आहेत, मग फरक कशाचा? – एक वाचक, मिरज

उत्तर : आस फिरवणाऱ्या विजेच्या मोटरचा. अल्को या अमेरिकी कंपनीच्या रचनेवरच्या डब्ल्यूडीजी-3ए चं वजन 123 टन, ओढ सुमारे 38 टन, म्हणजे वजनाच्या 31 टक्के. डब्ल्यूडीजी-4 चं वजन जेमतेम तीन टन जास्त, पण ओढ 42 टक्के. अल्कोच्या डीसी मोटरचं चाक एकदा सुटलं की भन्नाट फिरत सुटतं. मग नॉच (शक्तीची पायरी) उतरवा, पकडीसाठी रुळावर वाळू सोडा, पुन्हा चढवा. तोवर गाडीचा वेग पडलेला असतो. एसी मोटर तिला वीज पुरवणाऱ्या इन्व्हर्टरच्या वारंवारतेला बांधलेली असते, ती फार पुढे पळूच शकत नाही. इंजिनाखालचा रडार जमिनीवरचा खरा वेग मोजतो आणि संगणक चाकाला त्याहून किंचित जास्त फिरवतो. हे थोडंसं सरकणं मुद्दाम ठेवलेलं असतं, सर्वात चांगली पकड तिथेच मिळते. रडारच्या तोंडावर चिखल बसला की मात्र हा हिशोब चुकतो.

गोम दुसरीकडे आहे. सुरुवातीच्या डब्ल्यूडीजी-4 मध्ये एका बोगीच्या (तीन आसांच्या चौकटीच्या) तीनही मोटरी एकाच इन्व्हर्टरवर चालतात. बोगीतलं एक चाक झिजून लहान झालं की ते जास्त फेरे घेतं, त्याच्या मोटरवर भार कमी येतो आणि मोठ्या चाकांच्या मोटरींवर तो वाढतो. त्यामुळे शेडमध्ये एका बोगीची चाकं व्यास जुळवूनच बसवावी लागतात. इन्व्हर्टर बंद पडला तर अर्धं इंजिनच गेलं समजा. बिहारमधल्या मढौऱ्याच्या कारखान्यातल्या डब्ल्यूडीजी-4जी मध्ये प्रत्येक आसाला वेगळा इन्व्हर्टर दिलाय. आमच्या मते घाटासाठी तीच रचना बरी.

प्रश्न : डब्ल्यूडीजी-4 बंद केल्यावरही आत घरघर चालू असते. बिघाड समजायचा का? – एक वाचक, पुणे

उत्तर : नाही. तो टर्बोला (इंजिनात हवा दाबून भरणाऱ्या यंत्राला) तेल पुरवणारा छोटा पंप. इंजिन थांबलं तरी टर्बो तापलेलाच असतो, म्हणून पंप अर्धा तासभर तेल फिरवून त्याची बेअरिंगं थंड करतो. आवाज नको म्हणून त्याचा ब्रेकर (विजेचा स्विच) पाडला, तर बेअरिंगं जळालीच म्हणून समजा.