“एवढी मोठी झाली, तरी हिची ही सवय जात नाही”

अंगठा चोखणे, केसांची बट बोटाभोवती गुंडाळत राहणे, बसल्या जागी पुढे-मागे डुलणे, पाय हलवत राहणे, ठरावीक कापड चोळल्याशिवाय झोप न लागणे, अशा सवयी घेऊन येणारे पालक आम्हा समुपदेशकांना नेहमी भेटतात. त्यांचे प्रश्न बहुधा दोन असतात. हा मानसिक आजार आहे का, आणि ही सवय सोडवायची कशी? अलीकडे हेच प्रश्न मोठी माणसेही स्वतःबद्दल विचारू लागली आहेत, मात्र फार संकोचाने. माझ्याकडे आलेल्या एका मुलीच्या अनुभवातून त्यांचे उत्तर देण्याचा प्रयत्न करते. तिच्या आणि तिच्या आईच्या संमतीने हे लिहीत आहे, आणि ओळख पटू नये इतपत तपशील बदलले आहेत.

आधी आई एकट्याच आल्या. मुलगी सत्तावीस वर्षांची, एका पतसंस्थेत नोकरीला, कामात चोख आणि माणसांत मिळूनमिसळून वागणारी. तुळशीच्या लग्नानंतर तिचे लग्न ठरले होते. “ताई, हिला अजून आजीच्या गोधडीचा कोपरा हातात लागतो. तो चोळल्याशिवाय झोप येत नाही. हिशेब करत बसली की नकळत डुलायला लागते. सासरी हे दिसलं तर काय म्हणतील?” घरातले सगळे उपाय करून झाले होते. आठवीत असताना गोधडी माळ्यावर टाकून दिली, तेव्हा मुलगी काही रात्री रडली आणि मग उशीच्या अभ्र्याची शिवण चोळू लागली. एका नातेवाइकाने ‘मतिमंद मुलं अशी डुलतात’ असे सर्वांदेखत म्हटले होते. त्यात मोबाइलवर ऑटिझमविषयीचा एक व्हिडिओ पाहून आईंच्या पोटात गोळा आला होता.

पुढच्या आठवड्यात मुलगी आली. सुरुवातीला तिने स्वतःच्या नोकरीबद्दल आणि लग्नाच्या तयारीबद्दलच सांगितले. गोधडीचा विषय मी काढला, तेव्हा तिने पर्स उघडून हातरुमालाएवढा एक तुकडा बाहेर काढला आणि दोन्ही हातांनी झाकून टेबलावर ठेवला. गोधडी विरत चालली, तेव्हा तिचा एक कोपरा कापून तिने स्वतः कडेने दुमडून शिवला होता. मी परवानगी घेऊन तो हातात घेतला. आत जुन्या सुती लुगड्यांचे थर, त्यावर धावदोऱ्याच्या जवळजवळ घातलेल्या ओळी. कोपऱ्यापाशी ओळी वळताना टाके दाटले होते आणि तिथे कापड जरा जाड, उंचसखल लागत होते. “इथे,” ती म्हणाली, आणि अंगठा टाक्यांवरून टोकाकडे नेऊन पुन्हा मागे आणला. कापड हाताने कोमट झाले की ती बाजू उलटते, कारण गार बाजू जास्त बरी वाटते, हेही तिने सांगितले. टाके मोजतेस का, असे विचारल्यावर तिने मान हलवली. मोजायचे नसते, काही राहिले तर बिघडेल असेही वाटत नाही, फक्त हाताला ओळख असते, असे ती म्हणाली.

हा प्रश्न मी मुद्दाम विचारला होता. मंत्रचळ म्हणजे ओसीडीमध्येही एखादी कृती वारंवार होते, पण तिच्यामागे बहुतेक वेळा नकोसा, भीती घालणारा विचार असतो. हात पुरेसे धुतले नाहीत तर घरच्यांना आजार होईल, अमुक वेळा कुलूप पाहिले नाही तर चोरी होईल, अशा भीतीतून ती कृती करावीच लागते, आणि करताना सुख वाटण्यापेक्षा सुटका झाल्यासारखे वाटते, तेही थोडाच वेळ. या मुलीच्या बाबतीत तसा विचार नव्हता. तुकडा घरी राहिला तर ती अस्वस्थ होई, पण काम अडत नसे. ऑटिझमची शंकाही मी मनात ठेवून तिचे लहानपण, बोलायला लागण्याचे वय, मैत्रिणी आणि शाळेतले वागणे यांची आईंकडून तपशीलवार माहिती घेतली होती. ऑटिझममध्ये पुनरावृत्तीच्या कृतींसोबत सामाजिक देवाणघेवाणीतल्या अडचणी बालपणापासून असाव्या लागतात. केवळ डुलण्यावरून ते निदान कोणीही करू नये. आणि हेही सांगायला हवे की ऑटिझम असलेल्या अनेक प्रौढांनी लिहून ठेवले आहे की डुलणे किंवा हात हलवणे यामुळे आवाजाच्या आणि प्रकाशाच्या भडिमारात त्यांना स्वतःला सावरता येते. म्हणजे निदान झाले तरी ती कृती दाबून टाकणे हा उपचार ठरत नाही.

मग हे सुख येते कुठून? याची मुळे फार खोल आहेत. गर्भातले बाळ अंगठा चोखते, हे सोनोग्राफीत दिसते. नऊ महिन्यांच्या आसपास निम्म्याहून अधिक बाळे अंग झुलवणे, डोके हलवणे किंवा आपटणे यांपैकी काही ना काही करतात, आणि पाच वर्षांपर्यंत बहुतेकांचे ते आपोआप कमी होते. आईच्या पोटात सतत असलेला हेलकावा, तिच्या हृदयाची लय आणि नंतर मांडीवरची थोपटणी या सगळ्यांतून शांत होण्याचा पहिला धडा मिळतो. पुढे तीच लय मूल स्वतःच्या अंगाने निर्माण करू लागते. हॅरी हार्लो या मानसशास्त्रज्ञाने 1958 मध्ये माकडांच्या पिल्लांवरचे प्रयोग मांडले. त्यांत तारेच्या, दूध देणाऱ्या आईपेक्षा पिल्ले मऊ कापडाने मढवलेल्या, दूध न देणाऱ्या आईला बिलगून राहत. पिल्लांना आईपासून तोडणारे ते प्रयोग आज वाचतानाही अंगावर काटा येतो, परंतु मऊ स्पर्शाची गरज अन्नाच्या गरजेहून वेगळी आणि तितकीच खरी आहे, हे त्यांनी दाखवून दिले.

डोनाल्ड विनिकॉट हे ब्रिटिश बालरोगतज्ज्ञ आणि मनोविश्लेषक. त्यांनी 1951 मध्ये एक निबंध वाचला आणि तो 1953 मध्ये प्रसिद्ध झाला. लहान मुलाचे लाडके पांघरूण किंवा चिंधी ही आई आणि बाहेरचे जग यांच्या मधली पायरी असते, असे त्यांनी त्यात मांडले. आई जवळ नसताना तिच्यापासून मिळणारा धीर मूल त्या वस्तूत ठेवते, आणि ती वस्तू मुलाच्या ताब्यात असते. त्यांचे एक निरीक्षण मला विशेष वाटते: आया ती वस्तू मळू देतात, कारण धुतल्यावर मुलाच्या अनुभवात खंड पडतो हे त्यांना कळते. हे मी सांगितले, तेव्हा मुलगी पहिल्यांदा मोकळी हसली. आजी गेल्यानंतर तो तुकडा तिने बरेच दिवस धुतलाच नव्हता.

लयीचे म्हणून वेगळे काम असते. जिनिव्हा विद्यापीठातील संशोधकांनी 2011 मध्ये निरोगी पुरुषांना दुपारी हलत्या पलंगावर झोपवून पाहिले. चार सेकंदांत एक हेलकावा इतकी त्याची गती होती, आणि स्थिर पलंगापेक्षा त्यावर झोप लवकर लागली. 2019 मध्ये त्यांनी रात्रभराच्या झोपेवर असाच अभ्यास केला, त्यात गाढ झोपही अधिक मिळाल्याचे दिसले. 2001 मध्ये इटलीतील संशोधकांनी जपमाळेवरची लॅटिन प्रार्थना आणि एक योगमंत्र यांचा श्वासावरचा परिणाम मोजला. दोन्हींत श्वास मिनिटाला साधारण सहापर्यंत मंदावला आणि हृदयाच्या गतीतले चढउतार त्याच्याशी जुळून आले. पुढे काय येणार हे माहीत असले की मेंदूला टेहळणी करावी लागत नाही. हाताला ठरावीक काम असले की मनात घोळणाऱ्या विचाराला थोडी कमी जागा मिळते. शिवाय ही लय स्वतःच्या हातात असते. हवी तेव्हा सुरू करता येते आणि हवी तेवढी हळू करता येते.

आपल्याकडे हे सर्वांना ठाऊक आहे, फक्त या सवयींशी आपण त्याचा संबंध जोडत नाही. पाळणा, झोपाळ्याची करकर, जात्याच्या फेऱ्यांवरची ओवी, एकशे आठ मण्यांची माळ, टाळाच्या ठेक्यावर पडणारी वारकऱ्यांची पावले, या सगळ्यांत पुनरावृत्ती आहे आणि तिने मन निवते, हे कोणालाही पटवून द्यावे लागत नाही. मी आईंना विचारले की त्यांच्या सासूबाई संध्याकाळी काय करत. त्या म्हणाल्या, “माळ घेऊन बसायच्या. हलतही असायच्या थोड्या.” मी त्यावर काही बोलले नाही. जपामागे श्रद्धा आहे आणि तिचा मान वेगळा आहे, दोन्ही गोष्टी एक आहेत असे मला म्हणायचे नव्हते. पण बोटांना आणि श्वासाला मिळणारा विसावा सारखाच असतो, आणि एकाला देवघरात जागा मिळते तर दुसऱ्याला माळ्यावर, हे त्या मुलीच्या वाट्याला आले होते.

सवय नेमके काय काम करते, हे कळेपर्यंत ती सोडवण्याच्या मागे मी लागत नाही. मुलीला मी काही दिवस साधी नोंद ठेवायला सांगितली: हात कापडाकडे केव्हा गेला, त्याआधी काय घडले, नंतर कसे वाटले. नोंदी वाचल्यावर दोन गोष्टी दिसल्या. झोपतानाचे चोळणे रोजचे, शांत आणि थोड्या वेळाचे होते. दिवसाचे डुलणे मात्र ठरावीक प्रसंगी वाढत होते. महिनाअखेरीचा ताळमेळ जुळेना तेव्हा ते वाढे, आणि त्याहूनही अधिक वाढे ते मानपानाविषयी सासरकडून फोन आल्यावर. खर्च वडिलांना झेपणारा नव्हता आणि ती कोणाजवळच बोलली नव्हती. घरचे लोक तिच्या डुलण्याकडे पाहत राहिले आणि ती कशाने अस्वस्थ आहे हे विचारायचे राहून गेले.

म्हणून आमचे बरेचसे काम मानपानावरच झाले. कोणत्या गोष्टीला ‘हे जमणार नाही’ म्हणायचे, ते आधी वडिलांशी आणि मग होणाऱ्या नवऱ्याशी कसे बोलायचे, याचा तिने माझ्यासमोर सराव केला. कामाच्या वेळी डुलणे लोकांना दिसते याचा तिला स्वतःला त्रास होत होता, तेवढ्यासाठी दोन पाय जमिनीवर टेकवून श्वास सावकाश, लांबवत सोडण्याचा सराव दिला. झोपतानाच्या तुकड्याला आम्ही हातही लावला नाही. तो कोणाचे काही बिघडवत नव्हता. होणाऱ्या नवऱ्याला सांगायचे की नाही हा निर्णय तिचा होता, आणि तिने सांगितले. त्याने तुकडा उलटसुलट करून पाहिला आणि विचारले, “वॉशिंग मशीनमध्ये टाकला तर चालतो का?” चालत नाही, हाताने धुवावा लागतो, असे तिने उत्तर दिले. मानपानाचे बोलणे इतके सोपे गेले नाही, त्याला दोन्ही घरांत महिनाभर लागला.

आईंशी मी वेगळी बसले. गोधडी लपवण्यामागे त्यांची काळजीच होती, हे मी त्यांना स्पष्ट सांगितले. पण धीर देणारी वस्तू अचानक काढून घेतली की मूल ती गरज सोडत नाही, फक्त लपवायला शिकते. चारचौघांत झालेल्या त्या शेऱ्यानंतर मुलगी लोकांसमोर बसताना हात मांडीखाली दाबून ठेवू लागली होती, हे आईंना माहीतच नव्हते. ते ऐकून त्यांचे डोळे भरून आले.

प्रत्येक सवय अशी निरुपद्रवी असते असे मात्र कोणी समजू नये. केस उपटण्याने टक्कल पडू लागले, त्वचा कोरून जखमा चिघळू लागल्या, नखे कुरतडून बोटांतून रक्त येऊ लागले, तर तज्ज्ञांकडे जायलाच हवे. केस उपटणे आणि त्वचा कोरणे यांना 2013 च्या अमेरिकी निदान-पुस्तिकेत मंत्रचळाशी संबंधित विकारांत स्थान दिले आहे. त्यांवर उपयोगी ठरलेली सवय-बदल उपचारपद्धती अझ्रिन आणि नन या मानसशास्त्रज्ञांनी 1973 मध्ये मांडली. हात केव्हा वर जातो हे आधी ओळखायचे आणि त्या क्षणी मूठ घट्ट मिटण्यासारखी, दोन्ही एकदम होऊ न शकणारी कृती करायची, हा तिचा गाभा आहे. मूल डोके आपटून स्वतःला इजा करत असेल, आलेले बोलणे किंवा कौशल्य गमावत असेल, हाक मारूनही भानावर येत नसेल, किंवा मोठ्या वयात अशी सवय एकाएकी सुरू झाली असेल, तर बालरोगतज्ज्ञ अथवा मेंदूविकारतज्ज्ञांची तपासणी लांबणीवर टाकू नये. मूल तासन्‌तास एकटे राहून डुलत असेल, तर त्याला पुरेसा सहवास मिळतो का हेही पाहावे. अनाथालयांत दुर्लक्षित राहिलेल्या मुलांत असे डुलणे पुष्कळ आढळले आहे. जवळपास कोणी तज्ज्ञ नसेल तर केंद्र सरकारची टेलिमानस ही विनामूल्य दूरध्वनी सेवा 14416 या क्रमांकावर मराठीतही सल्ला देते.

लग्नानंतर काही महिन्यांनी आईंचा फोन आला, तो त्यांच्या बहिणीच्या नातवासाठी. पाच वर्षांचा मुलगा अंगठा सोडत नाही आणि घरात अंगठ्याला कडुनिंबाचा रस लावायचे चालले आहे, तर काय करावे? मी त्यांना सांगितले की रस लावू नका आणि चिडवूही नका. तो अंगठा केव्हा तोंडात घालतो ते आठवडाभर पाहा. झोप आली म्हणून, कंटाळा आला म्हणून की घाबरला म्हणून, यावर पुढचे ठरेल. दिवसा हाताला मातीचे, मण्यांचे काम द्या, अंगठा बाहेर असेल तेव्हा कौतुक करा, आणि रात्री झोपवताना कोणीतरी शेजारी बसून थोपटा. सहाव्या वर्षाच्या सुमारास पक्के दात येऊ लागतात, तोवर सवय टिकली तर दातांची ठेवण बिघडू शकते, म्हणून त्याआधी एकदा दंतवैद्यांना दाखवून घ्या. “त्याची आई नुकतीच कामावर जायला लागलीय,” आई म्हणाल्या, “तेव्हापासूनच वाढलंय बहुतेक.” मग त्याच्या आईलाच घेऊन या, मी म्हणाले, मुलाला आणायची घाई नको.