माझा बॉल पायथन दिवसभर पाण्याच्या भांड्यात बसतो आणि पाण्यात काळे ठिपके दिसतात. काय असेल?

बहुतेक माइट्स, म्हणजे सापाचं रक्त पिणारे बारीक किडे. ओल्या पांढऱ्या टिश्यूने साप हलकेच पुसा. खसखशीएवढे काळे किडे चिकटले, तर शंका उरत नाही. डोळ्यांच्या कडा आणि हनुवटीखालचे खवलेही बघा.

लोक सापाला आंघोळ घालतात आणि तिथंच थांबतात. खरा अड्डा सापाच्या पेटीत असतो: माइट्सची मादी अंडी सापावर नाही, फटींत घालते. भुसा, साल, लाकडाचे ओंडके सरळ कचऱ्यात टाका (जीव तुटतो, कळतं). पेटी गरम पाण्यानं घासून कोरडी करा, कोपरे आणि सरकत्या काचेची खाच विसरू नका. पुढचे काही आठवडे तळाला फक्त कागद, तोही वरचेवर बदलायचा. उबेत अंड्यापासून प्रौढ किडा व्हायला साधारण 2-3 आठवडे लागतात, म्हणून एकदाच सफाई करून भागत नाही.

औषध सरपटणाऱ्या प्राण्यांची माहिती असलेल्या पशुवैद्यालाच विचारा. कुत्र्याचा गोचीड-स्प्रे अंदाजानं मारू नका. आणि घरात कासव असेल तर आयव्हरमेक्टिन (असे किडे मारायचं एक औषध) त्याच्या जवळपासही नको, जिवावर बेतू शकतं.

नवा साप आणलात की आधी वेगळा ठेवा. आमच्याकडे हे संकट तसंच आलं होतं.